धर्मादादाचा कागद आणि माझी नडगी

आमच्या दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "शकुंतला, बरी झालीस, आता सगळं लिहून काढ. हाडाचा क्षय म्हटलं की लोकांच्या तोंडचं पाणी पळतं. तुझं वाचून चार जणांना धीर येईल."

धीराचं मला ठाऊक नाही, बाई. मी चालते, हे खरं. डावा पाय जरा ओढते, पण चालते. औषध पुरतं आणि वेळेवर घेतलं तर हा आजार बरा होतो, हेही खरं. ज्यांना एवढंच हवं असेल त्यांनी इथेच थांबलं तरी चालेल. पुढचं लिहितेय ते माझं मन मला खातंय म्हणून.

माझं काम

कर्जतजवळच्या एका ट्रस्टच्या दवाखान्यात मी रेकॉर्ड कारकून. काम काय, तर रोगांना नंबर घालायचे. हसू नका. सगळ्या रोगांना नंबर असतात आणि ते एका जाडजूड इंग्रजी पुस्तकात असतात. पेशंट घरी गेला की त्याचा केसपेपर माझ्या टेबलावर यायचा. डॉक्टरांनी काय लिहिलंय ते वाचायचं, पुस्तकात नंबर शोधायचा, कागदावर घालायचा आणि रजिस्टरात उतरवायचा.

आता क्षयानं पोखरून एखाद्याचं पायाचं हाड मोडलं आणि क्षय अजून अंगात आहे, औषध चालू आहे, तर त्याचा नंबर वेगळा. रोग संपला, हाड जुळलं, मागे नुसतं लंगडणं उरलं, तर त्याचा वेगळा. ऑफिसात आम्ही पहिल्याला 'चालू' म्हणायचो आणि दुसऱ्याला 'शिल्लक'. चालू कागद खिडकीजवळच्या लोखंडी रॅकवर राहायचे. महिन्याच्या अखेरीला त्या रॅकवरच्या प्रत्येकाला मी पोस्टकार्ड टाकायची, की पुढल्या महिन्याच्या इंजेक्शन-गोळ्यांसाठी अमुक वारी यावे. शिल्लक कागद बासनात बांधून माळ्यावर जायचे. त्यांना कार्ड नाही.

माझ्या रजिस्टरची मोठी ख्याती होती. सात वर्षांत एक खाडाखोड नाही! आमचे हेडक्लार्क गोरेकाका नव्या माणसाला मुद्दाम ते उघडून दाखवायचे. "बघा, याला म्हणतात काम," म्हणायचे. आणि मी मेली फुगायची.

स्टुलावरून

त्या वर्षी दिवाळीपासून माझी डावी नडगी दुखायला लागली. संध्याकाळी अंगात कणकण असायची. जेवण जाईना. सासूबाई म्हणायच्या, "खुर्चीत बसून बसून हाडं आखडली तुजी. जरा दळन डोक्यावर घेऊन चाल, बघ कशी मोकळी व्हत्यात." हे साजगावच्या कारखान्यात कामाला, सकाळी जायचे ते दिवेलागणीला यायचे. त्यांना काय सांगायचं? मी बाम चोळत राहिले. दवाखान्यात काम करणारी बाई, पण डॉक्टरला पाय दाखवायला तीन महिने सवड झाली नाही.

मग एक दिवस माळ्यावरचं एक बासन काढायला स्टुलावर चढले. उतरताना डावा पाय जमिनीला टेकला आणि आतून वाळकी काडी मोडावी तसा आवाज आला. मी पडले नाही, घसरले नाही. नुसता पाय टेकला.

"अहो, उभ्या उभ्या पाय कसा मोडेल?" गोरेकाका म्हणाले. पण माझं तोंड बघून ते स्वतःच स्ट्रेचर आणायला धावले.

डॉक्टरीणबाईंनी एक्सरेची फिल्म खिडकीशी धरली. मग म्हणाल्या, "शकुंतला, हे मोडून दुखलेलं नाही. आधी पोखरलंय, मग मोडलंय." हाडाचा तुकडा तपासायला मुंबईला पाठवला. पंधरा दिवस मी देवाला काय काय बोलले ते लिहिण्यासारखं नाही. उत्तर आलं त्या दिवशी बाई माझ्या कॉटवर बसल्या, माझा हात हातात घेतला. एरवी त्या उभ्यानंच बोलतात. हात धरला तेव्हाच मी समजले.

त्यांनी रोगाचं नाव घेतलं. मला लेकीचं तोंड आठवायला हवं होतं, नाही का? पाच वर्षांची पोर माझी. पण मला आधी आठवला नंबर. आणि नंबराच्या मागोमाग एका माणसाचं नाव आठवलं, धर्मा.

धर्मा

धर्मा नेरळच्या खालच्या अंगाच्या एका गावचा, कुणबी. थोडी भातशेती आणि बाकी दिवस माथेरानला हातरिक्षा ओढायचा. त्याची उजवी नडगी क्षयानं मोडली, घोट्याच्या वर. चार महिने आमच्याकडे होता, मग घरी गेला आणि दर महिन्याला माझं कार्ड मिळालं की औषधाला यायचा. माझा पाय मोडला त्याच्या साधारण वर्षभर आधी त्याचं प्लास्टर शेवटचं निघालं आणि कागद नव्यानं नंबर घालायला माझ्याकडे आला. पुढच्या पानावर लिहिलं होतं, 'हाड जुळलं. पाय दोन बोटं आखूड. लंगडतो.' मी शिल्लक नंबर घातला. मागच्या पानावर मात्र होतं, की क्षयाचं औषध अजून वर्षभर द्यायचं. महिनाअखेर होती, टेबलावर ढीग होता, मी पान उलटलं नाही.

असं मी पुढे सगळ्यांना सांगितलं. यांनासुद्धा. पान उलटलं नाही तर मागे काय लिहिलं होतं ते मला कळलं कसं, एवढं कुणी विचारलं नाही.

पान मी उलटलं होतं. फक्त आधी रजिस्टरात शाईनं नंबर लिहून बसले होते आणि मग उलटलं. चूक लक्षात आली. दौत समोर होती, टाक हातात होता. एक रेघ मारायची, वर बरोबर नंबर लिहायचा. पण खोडायचं म्हणजे सात वर्षांच्या त्या स्वच्छ पानांवर डाग पडणार. मी मनात म्हटलं, येईलच तो पुढच्या महिन्यात, तेव्हा नव्या ओळीवर नीट लिहू. अगं पण येणार कसा? कार्ड टाकणारी मीच ना! त्याचा कागद बासनात गेला, बासन माळ्यावर गेलं. नंतर एक-दोनदा आठवण झाली. दोन्ही वेळा मी दुसरं काम हातात घेतलं.

वॉर्ड

वॉर्डातला दिवस पहाटे थर्मामीटरनं सुरू व्हायचा. मग कमरेत इंजेक्शन. त्यानं कान वाजायचे आणि मान वळवली की खोली फिरायची. मग गोळ्या, आणि एक पावडर, इतकी कडू की पाण्याबरोबर घेतली तरी दुपारच्या वरणाला तिचीच चव. प्लास्टरच्या आत खाज सुटली की जीव नकोसा व्हायचा. आयाबाईंनी मला स्वेटर विणायची सुई आणून दिली आणि म्हणाल्या, "सिस्टरला सांगू नका गं, माजी नोकरी जाईल." त्या सुईइतकं सुख मला कुठल्या दागिन्यानं दिलं नाही.

सगळे माझ्याशी चांगले वागले, आणि तेच मला सोसवेना. दूध जास्त, अंडं रोज. गोरेकाका खास कॉटपाशी आले आणि म्हणाले, "तुमच्या कागदाला मी स्वतः नंबर घातलाय हं. दोनदा तपासला. औषधाला खंड पडायचा नाही." मी उशीत तोंड घालून रडले. काकांना वाटलं, उपकाराचं रडू आहे.

घरची तऱ्हा वेगळी. सासूबाईंनी माझं ताट-वाटी-पेला वेगळा काढला. डॉक्टरीणबाईंनी परोपरीनं सांगितलं, हाडाचा क्षय असा उडून लागत नाही. पण सासूबाई म्हणाल्या, "तुमचं बरोबर आसंल, पन माजी नात येवडीशी हाय." लेक वॉर्डाच्या दारात उभी राहायची आणि तिथूनच मला गोष्ट सांगायला लावायची. हे दोघींच्या मधे उभे, इकडे बघू की तिकडे. एकदा मी त्यांच्यावर ओरडले, "तुम्ही तरी जवळ या!" ते आले, पण शर्टाची बाही ओढून घेत आले. मला राग आला, मग वाटलं, मला कसला आलाय राग धरायचा हक्क.

बाकावर

उन्हाळा लागला तेव्हा प्लास्टर बदललं आणि मला कुबड्या मिळाल्या. व्हरांड्यात चालायचा सराव करायचा होता. पहिल्या दिवशी मी तीन पावलांत घामाघूम झाले. ड्रेसिंगच्या खोलीबाहेर बाकावर बसलेला एक माणूस म्हणाला, "बाई, पाय आदी नाय. आदी दोनी कुबड्या म्होरं, मंग उडी. आनि खाली बगू नका, म्होरं बगा."

मी म्हटलं, "तुम्हाला बरं माहीत!"

"मला नाय म्हाईत तर कुनाला? चार महिनं हितंच उड्या मारल्यात. आनि माथेरानच्या चढावाला दोन-दोन मानसं वढलीत मी."

मी बघितलं. धर्मा होता. मी त्याला कागदावर जास्त आणि डोळ्यांनी कमी पाहिलेलं, पण तोच. उजव्या पायाला घोट्यापासून वर पट्टी, पट्टीतून पिवळं आलेलं, आणि वास. जखम पुन्हा फुटली होती. एक दिवसाआड पट्टी करायला येत होता. जुना कागद मिळाला नाही म्हणून नवा काढला होता आणि त्यावर कुणीतरी लिहिलं होतं, 'जुना लंगडा पाय, जखम.' म्हणजे क्षयाचं औषध पुन्हा सुरूच नव्हतं. नुसती पट्टी.

"औषध का सोडलंत, दादा?" मी विचारलं. विचारायची मला लाज कशी वाटली नाही!

"सोडलं कुटं? कार्ड यायचं थांबलं. सुबद्रा म्हनली, दवाखाना बोलवीत नाय म्हंजी पाय बरा जाला. आमी नारळ फोडला देवाला. मंग ग्येलो परत रिक्षावर."

सुभद्रा म्हणजे त्याची बायको. ती बाकाच्या टोकाला पदरात करवंदं घेऊन बसली होती. मी कुठं काम करते ते तिनं आयाबाईंकडून काढून घेतलं होतं. म्हणाली, "तुमीच लिवायच्या ना कार्डं? लई झ्याक अक्षर. आमच्याकडचा पोस्टमन म्हनायचा, धर्मा, तुजं कार्ड वाचाया चष्मा नाय लागत." आणि ओंजळभर करवंदं माझ्या हातावर ठेवली.

तेव्हा सांगायला हवं होतं. मी म्हटलं, "गोड आहेत हो." चाखलीसुद्धा नव्हती अजून.

नऊ दिवस

नऊ दिवस मी गप्प राहिले. एक दिवसाआड तो यायचा, मला चालायला शिकवायचा, "आता ब्येस जमलं" म्हणायचा. मी रोज ठरवायची, आज बोलायचं. नोकरीची भीती होती, नाही कशाला म्हणू? पण त्याहून मोठी भीती गोरेकाकांच्या तोंडाची होती. ज्या रजिस्टरपायी हे केलं, तेच रजिस्टर ते उघडून बघणार होते. माझं औषध वेळच्या वेळी पोटात जात होतं आणि माझ्यापासून चार हातांवर त्याचा पाय सडत होता. माझ्या नावाला बट्टा लागू नये म्हणून. दुसरं काही कारण नाही.

आठव्या दिवशी मी यांना सांगितलं. ते म्हणाले, "तू स्वतः आजारी आहेस. आता कशाला उकरून काढतेस? त्याला काय ते डॉक्टर बघतील." सासूबाई दाराशी नातीला धरून उभ्या होत्या. मला वाटलं ऐकू गेलं नसेल. तर त्या चक्क आत आल्या. तीन महिन्यांत पहिल्यांदा माझ्या कॉटपर्यंत आल्या आणि लेकावर खेकसल्या, "गप रं! डाक्टरला ठावंच नाय तर तो काय बगंल?" मग माझ्याकडे वळल्या. "आनि तू गं, तुजा पाय तेवडा पाय आनि त्याचं लाकूड हाय का? सांग जा."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी डॉक्टरीणबाईंच्या खोलीत गेले आणि सांगितलं. पान उलटलं नाही, असंच सांगितलं. तेवढी लबाडी तेव्हाही केलीच. बाईंनी एकच विचारलं, "कागद कुठाय?" गोरेकाका स्वतः स्टूल लावून माळ्यावर चढले. साठीला टेकलेला माणूस. बासन घेऊन उतरले आणि रजिस्टर माझ्यासमोर ठेवलं. मी लाल शाईनं रेघ मारली, बरोबर नंबर लिहिला, सही केली. काकांनी सहीवर टीपकागद दाबला आणि रजिस्टर मिटलं. मला लेखी ठपका मिळाला, नोकरी राहिली. ती जायला हवी होती, असं मला अजून वाटतं.

त्याच दिवशी धर्माचा एक्सरे झाला. बाईंनी मला बोलावून सांगितलं. घोट्याचा सांधा उरला नव्हता, खालचं हाड भुसा झालं होतं, पू वर चढत होता. पाय गुडघ्याखाली काढावा लागणार होता, नाहीतर माणूस जाईल. मी म्हटलं, "बाई, मी नऊ दिवस गप्प बसले."

"नऊ दिवसांनी फार काही बिघडलं नाही," त्या म्हणाल्या. "वर्षानं बिघडलं." त्यांना मला समजवायचं होतं की ओरबाडायचं होतं, मी अजून ठरवू शकलेली नाही.

म्हणून जे कुणी हे वाचत असतील त्यांना हात जोडून सांगते. तुमच्या कागदावर काय लिहिलंय ते विचारा. दोन्ही बाजू वाचून दाखवायला सांगा, कारकून कपाळाला आठ्या घालील, घालू द्या. दवाखान्यानं बोलावलं नाही म्हणजे रोग गेला, असं समजू नका. दवाखान्यात माझ्यासारखी माणसं असतात.

सुभद्रा

बाई धर्माला सांगायला निघाल्या होत्या. मी म्हटलं, थोडं थांबा, आधी मला त्याच्या बायकोशी बोलू द्या.

सुभद्रा व्हरांड्यात बाकावर बसली होती. मी कुबड्या भिंतीला टेकवल्या, तिच्या शेजारी बसले आणि सगळं सांगितलं. पान उलटलं होतं, तेही सांगितलं. खरं पुरतं सांगितलं ते पहिल्यांदा तिलाच. आणि पाय काढणार आहेत, तेही. मला वाटलं ती शिव्या घालील, मारील. तिनं मारलं असतं तर बरं झालं असतं.

ती हळू म्हणाली, "आमी नारळ फोडला, बाई."

मी वाकून तिच्या पायांना हात लावायला गेले. तिनं पाय मागे घेतले. "पायाबियाला हात लावू नका. मला काय देव करताय? तो आत बसलाय, हसतोय शिस्टरसंगं. आत जावा आनि त्येला सांगा. डाक्टरनं नको, तुमीच. आनि कार्डाचं पन सांगा. माज्या तोंडातनं नाय निघायचं."

"सुभद्राबाई, माझ्याच्यानं..."

"आमच्याच्यानं बी नाय. जावा."

मी गेले. आधी दोन्ही कुबड्या पुढे, मग उडी. धर्मादादा टेबलावर पाय लांब करून बसला होता. मला बघून म्हणाला, "आता कशा फस्कलास चालताय! मी म्हनलं व्हतं का नाय?"

सिस्टरनं मला स्टूल दिलं. मी बसले नाही. उभ्या उभ्याच बोलले. कार्ड का थांबलं ते आधी सांगितलं. माझी चूक, माझी लबाडी, रजिस्टर, सगळं. मग पायाचं सांगितलं. बोलताना खाली बघितलं नाही, त्याच्या तोंडाकडे बघितलं. त्याचं हसू एकदम गेलं नाही, थोडं थोडं गेलं.

त्यानं पट्टीकडे बघितलं. कार्डाबद्दल त्यानं एक अक्षर काढलं नाही. त्या दिवशी नाही आणि त्यानंतरही कधी नाही.

मग म्हणाला, "गुडगा ऱ्हाईल का?"

"राहील, दादा. गुडघ्याच्या खाली चार बोटं सोडून."

त्यानं स्वतःची चार बोटं गुडघ्याखाली धरून बघितली. एकदा धरली, काढली, पुन्हा धरली. त्याला खात्री होईना. माझ्याकडे पाय सरकवून म्हणाला, "नीट दावा. कुटनं?"

मी एक कुबडी सोडली आणि त्याच्या नडगीवर बोट ठेवलं. कातडी तापलेली होती.

"हां," तो म्हणाला. "बोट हालवू नका. मला बगू द्या."